चहाडखोर फाइल

चौडम्माच्या दुकानात आयुधपूजेचा एक नियम होता. वर्षभरात जे राबलं नाही, ते पूजेला बसायचं नाही. नियम तिच्या नवऱ्याने घालून दिलेला, आणि रंगण्णा जाऊन अकरा वर्षं झाली तरी त्याचे नियम त्या घरात त्याच्याहून जास्त जिवंत होते. नवमीच्या आदल्या दिवशी चौडम्मा दारात स्टूल टाकून बसायची आणि दुकानातली एकेक वस्तू तिच्यापुढून जायची. बोथट कात्री भंगारात गेली. दाते पडलेली फणी गेली. पितळेची एक पट्टी होती, तीही गेली.

"मामांची होती ना ती?" सून रूपा हळूच म्हणाली. सासऱ्यांना ती मामा म्हणायची.

"मामा राबायचे थांबले तेव्हा त्यांनाही उचलून नेलंच की," चौडम्मा म्हणाली. "पट्टीला काय सोनं लागलंय?"

रूपाला सातवा महिना होता. ती आत जाऊन बसली.

दोड्डबळ्ळापुरात जितकी माणसं तितके यंत्रमाग, आणि प्रत्येक मागाला किनारीची नक्षी लागते. नक्षी आधी कॉम्प्युटरवर काढायची, बारीक चौकटींचं घर न् घर भरून, आणि कागदावर छापायची. मग त्या कागदावर बघून जाड पुठ्ठ्यांना भोकं पाडायची. ते पुठ्ठे मागावर चढले की माग भोकं चाचपत चाचपत तीच नक्षी विणतो. चौडम्माच्या दुकानात नक्षी काढायचा मुनिराजू, बावीस वर्षं. भोकं पाडायची ती स्वतः. शाळेत तिसरीपुढे गेली नव्हती, सही करायला घेतली तर पेनाची दया यायची. पण पुठ्ठ्यावरून एक बोट फिरवून सांगायची की हा मोराच्या मानेचा आहे आणि तो त्याच्या पायाचा. लेक लोकेश हिशेब, फोन आणि मिशीला कोरणं, एवढं बघायचा.

त्या नवरात्रात मुनिराजू नव्हता. घट बसले त्याच दिवशी संध्याकाळी तो खुर्चीत थडथड कापायला लागला. समोर काम होतं ते वेंकटाचल शेट्टींचं. शेट्टी म्हणजे बेंगळुरात चिकपेटेतला साड्यांचा मोठा व्यापारी. आज्जीच्या लग्नातल्या लुगड्याचा फाटका काठ घेऊन आला होता तो. काठावर केवड्याची पानं होती, अशी की हात लावला तर बोटाला काटा रुतेल. त्या चिंधीवरून मुनिराजूने तीन महिने खपून किनार उतरवली होती. अंगात ताप, दात वाजताहेत, आणि तरी त्याने शेवटचं पान चौडम्माच्या डोळ्यांदेखत पुरं केलं.

"अम्मा, झालं. तीट तेवढी राहिली."

"तीट कुठं पळून जाते? तूच पळ आता दवाखान्यात."

खुर्चीतून उठला तो थेट रिक्षात, आणि रिक्षातून थेट सलाइनवर. डेंगी निघाला. दसरा उलटेपर्यंत तो अंथरुणातच होता.

तीट हाही रंगण्णाचाच नियम. बिनचूक वस्तूला दृष्ट लागते म्हणून तान्ह्या पोराच्या गालाला तीट लावतात, तशी या दुकानातल्या प्रत्येक नक्षीला लागायची. सगळं पुरं झालं की मुनिराजू सकाळी आंघोळ करून यायचा आणि कुठल्या तरी एका पानात, एका पाकळीत, एकच घर मोडायचा. कोणतं घर, ते फक्त दोघांना ठाऊक. तो मोडायचा, आणि भोक पाडताना ते तिच्या बोटाला लागायचं. गिऱ्हाइकाला कधी दिसलं नाही. देवाला दिसत असेल तर त्याने कधी तक्रार केली नाही.

तर पूजेच्या रांगेत शेवटी कॉम्प्युटर आला. आला म्हणजे चौडम्माच स्टूल उचलून त्याच्यापुढे गेली. महिनाभर तो रडतखडत चालत होता. जागा भरली, जागा भरली असं पडद्यावर सारखं येत होतं. मुनिराजूच्या खुर्चीत लोकेश बसला होता.

"एकेक वाच," ती म्हणाली. "हे काय करतं?"

"हे रंग दाखवतं, अम्मा."

"राहू दे. हे?"

"हे प्रिंटरशी बोलतं."

"राहू दे. माझं तर तो ऐकत नाही. हे?"

"हा... गेम आहे एक. मीच टाकला होता."

"बत्तीस वर्षांचा घोडा, पुढच्या दोन महिन्यांत बाप होणार, आणि गेम. काढ. हे?"

लोकेशने माउस जरा इकडेतिकडे केला. "हे काहीच करत नाही. मागल्या वर्षी मशीन बंद पडत होतं ना, तेव्हा कॉम्प्युटर कंपनीच्या विल्सनने चालू केलेली फाइल आहे. बाकीचे काय करतात ते नुसतं बघायचं आणि लिहून ठेवायचं. कोणी काय उघडलं, किती वाजता, कुठं अडलं, कुठं नेलं."

"आणि काम?"

"काम काही नाही."

"म्हणजे चहाडखोर!" चौडम्माला एकदम गंमत वाटली. "माझ्या सासूची नणंद होती अशी. काडी इकडची तिकडे करायची नाही. ओट्यावर बसून कोण किती नाचणीचे गोळे गिळतं ते मोजायची, आणि संध्याकाळी सासऱ्यांना पाढा वाचून दाखवायची. फेक ती. आणि तिने लिहून ठेवलेली बाडंही फेक. जागा तीच खात असेल."

"तीच खाते," लोकेश म्हणाला.

दुसऱ्या दिवशी पूजा झाली. कॉम्प्युटरच्या कपाळावर विभूतीच्या तीन रेघा आणि कुंकू लागलं, केळीचे खांब बांधले, दारात कोहळा फोडला, गल्लीत चुरमुरे वाटले. मशीन वाऱ्यासारखं पळायला लागलं होतं. चौडम्मा दोन दिवस ज्याला त्याला सांगत होती, की शिकलेल्या लोकांना जे वर्षभर जमलं नाही ते तिने स्टुलावर बसून अर्ध्या तासात केलं.

दसऱ्यानंतर मुनिराजू आला. गालफडं बसलेली, पण अंगावर धुतलेला शर्ट. आल्या आल्या त्याने केवड्याच्या सातव्या पानाचं टोक एका घराने मोडलं. चौडम्माने आठ दिवसांत भोकं पाडली. पुठ्ठ्यांच्या चळती शेट्टींच्या मागांवर गेल्या. बोली अशी, की वर्षभर ही किनार दुसऱ्या कुणाला द्यायची नाही. बोली तोंडी, पण या दुकानातली तोंडी बोली कागदापेक्षा पक्की, हे अख्ख्या चिकपेटेला माहीत होतं.

तुळशीच्या लग्नाच्या आदल्या दिवशी, भर दुपारी, शेट्टी आला. त्याने पिशवीतून एक साडी काढली आणि टेबलावर टाकली. ठेवली नाही, टाकली.

"ओळखता का, चौडम्मा?"

केवड्याची पानं होती. शेट्टीच्या मागावरून अजून पहिली साडी उतरायची होती.

"माझ्या शेजारच्या दुकानात टांगली होती," शेट्टी म्हणाला. "शेजारच्या! गिऱ्हाईक मला विचारतं, शेट्ट्रे, तुम्ही त्यांची नक्कल केलीत का? माझ्या आज्जीच्या लुगड्याची मी नक्कल केली म्हणे. तीस वर्षं मी या घरात डोळे मिटून येतोय, अम्मा. डोळे मिटून!"

बोलला तो मुनिराजू. तो घाबरला नव्हता. उलट जरासा हसलाच.

"शेट्ट्रे, बसा. पाणी घ्या. यात भांडायचं काय आहे? हा कॉम्प्युटर सगळं लिहून ठेवतो. कुठली नक्षी कधी उघडली, कधी पेनड्राइव्हवर घेतली, मिनिटासकट. उद्या विल्सनला बोलवू. ज्याने नेली त्याचं नाव हा डबाच सांगेल. माझं असलं तर माझं."

लिहून ठेवतो, हा शब्द चौडम्माने कुठं ऐकला होता ते तिला लगेच आठवलं. लोकेशकडे तिने बघितलं. लोकेश पंख्याकडे बघत होता.

तेव्हाच बोलायचं होतं. एक वाक्य होतं फक्त: ती फाइल मी काढायला लावली. पण ते वाक्य बोलायचं म्हणजे शेट्टीसमोर, दारात जमलेल्या चार विणकरांसमोर, आपण अडाणी आहोत हे आपल्या तोंडाने सांगायचं. गावभर ज्या गोष्टीची फुशारकी मारली तीच गळ्यात आली म्हणायचं. चौडम्मा म्हणाली, "उद्या बघू." आणि चहा करायला सांगितला, जो कुणी प्यायला नाही.

विल्सन सकाळी आला. टाय लावलेला, बोलण्यात मऊ. त्याने अर्धा तास मशीन चिवडलं आणि खुर्ची वळवली.

"नोंद ठेवणारी फाइल नाहीये यात. सिस्टीमची लायब्ररी फाइल असते ती. तिच्याशिवाय बाकी सगळं चालतं, म्हणून कुणाच्या लक्षात येत नाही. जुन्या नोंदीही नाहीत. आपोआप जात नाहीत त्या. कुणीतरी काढल्यात."

"कधी?" मुनिराजूने विचारलं. त्याचा आवाज पहिल्यांदा बारीक झाला.

"ते सांगता येणार नाही. मधे अपडेट येऊन गेलेत, तारखा सगळ्या पुसल्या गेल्या."

शेट्टीने मान हलवली. "म्हणजे चोरी केली आणि पायाचे ठसेही पुसले. आणि वर मला म्हणतो, डबा सांगेल! ज्याला डब्यातलं कळतं तोच पुसणार ना? या दुकानात डब्यातलं कळतं कुणाला?"

कुणी नाव घेतलं नाही. घ्यायची गरज नव्हती. सगळे मुनिराजूकडे बघायला लागले, आणि मुनिराजू कॉम्प्युटरकडे, घरातल्या माणसाने दगा द्यावा तसा.

विणकर संघाचा कायदा सगळ्यांना ठाऊक होता. नक्षीच्या चोरीत ज्याचं नाव आलं, त्याला गावातलं एकही दुकान पुन्हा उभं करत नाही. बैठक दुसऱ्या दिवशी, चौडेश्वरीच्या देवळामागच्या सभागृहात.

सगळे गेल्यावर साडी टेबलावरच राहिली. शेट्टी म्हणाला होता, उद्या घेऊन या, पंचांना दाखवायची आहे. चौडम्माने दार लोटलं आणि साडी उजेडात धरली. पान मोजायला तिला डोळे लागत नव्हते. पहिलं, दुसरं, तिसरं. सातव्याच्या टोकावर तिने नख फिरवलं. टोक सुईसारखं सरळ होतं. ती पुढल्या वळणाला गेली, तिथलं सातवं पान चाचपलं. तेही सरळ. अख्खी साडी तिने बोटाखालून नेली. तीट कुठंच नव्हती.

बिनतिटेची किनार या जगात किती दिवस होती? मुनिराजू खुर्चीतून उठून रिक्षात बसला तिथपासून, तो आंघोळ करून परत आला तिथपर्यंत. ते सगळे दिवस त्या खुर्चीत एकच माणूस बसला होता.

लोकेश आत आला तेव्हा ती तशीच बसली होती, साडी मांडीवर घेऊन.

"केशवाच्या मागावर विणली?" तिने विचारलं. केशव म्हणजे रूपाचा भाऊ, लोकेशच्या जवळचा तेवढाच एक मागवाला.

लोकेश खाली बसला. "त्याचे माग बंद पडायला आले होते, अम्मा. रूपा रोज रडायची. मला वाटलं, तो दूर कुठंतरी विकेल, कोइमतूरकडे. मला काय माहीत चिकपेटेतच—"

"फाइल वाचून दाखवताना तुझा आवाज जरासुद्धा हलला नाही रे."

"फेक तू म्हणालीस."

"म्हणाले."

"मी म्हणालो नव्हतो. तू म्हणालीस."

चौडम्माने त्याच्याकडे बघितलं. हा मुलगा आपल्यासारखा नाही, असं ती जन्मभर सगळ्यांना सांगत आली होती. मऊ आहे, भोळा आहे, बापावर गेलाय. त्याने आईला इतकं नेमकं ओळखलं होतं. काम न करणाऱ्यावर ती कशी तुटून पडते, कुठल्या शब्दाला तिची जीभ धावते, सगळं त्याला पाठ. गेमच्या पाठोपाठ ती फाइल आपसूक आली नव्हती. त्याने ती तिथं आणून ठेवली होती, चिडलेल्या माणसाच्या हाताशी काठी ठेवावी तशी.

"ऊठ," ती म्हणाली. "बायकोला कळू देऊ नकोस. मंगळवारी तिचं डोहाळजेवण आहे."

सभागृहात पन्नासएक माणसं होती. पंच म्हणून पाच म्हातारे, सगळ्यांना चौडम्माने कधी ना कधी सुनावलेलं. तिला खुर्ची दिली. शेट्टीने साडी पुढच्या मेजावर पसरली. मुनिराजू खांबापाशी उभा होता, बायकोला आणलं नव्हतं.

पंचांनी विचारायच्या आधी चौडम्मा उभी राहिली. तिने सगळं ठरवलं होतं. एवढं आपण बोलू, आणि एवढ्यावर मुनी सुटेल. स्वतःची अब्रू थोडी द्यायची, मुलाची झाकायची, आणि मुनीची परत घ्यायची. बाजारात तीन जिनसांचा भाव करावा तसं तिने ते मनात जमवलं होतं.

"डब्यातली ती फाइल मुनीने काढली नाही," ती म्हणाली. "मी काढायला लावली. आयुधपूजेला. मला वाटलं, कामाची नाही. मला वाचता येत नाही, हे तुम्हाला माहीत आहे. आज मी माझ्या तोंडाने सांगते. हसायचं त्याने हसून घ्या."

कुणी हसलं नाही. तेच तिला जास्त लागलं.

"काढली कुणी पण? तुम्ही?" एका पंचाने विचारलं.

"माझ्या घरात शब्द माझा चालतो. हात कुणाचा का असेना."

"तुम्ही मन मोठं केलंत, अम्मा," शेट्टी म्हणाला. "पण याने एवढंच कळलं, की ठसे पुसायचा त्याचा डाव नव्हता. चोरी कुणी केली ते कुठं कळलं? नक्षी तर त्याच्याच हातची."

पंचांनी माना हलवल्या. चौडम्माचा हिशेब तिथंच फसला. आणि मुनिराजू खांबापासून पुढे आला. त्याच्या तोंडावर काहीतरी उजळलं होतं. आयुधपूजेला, असं ती म्हणाली होती. आयुधपूजेला तो सलाइनवर होता.

"मला एक विचारायचंय," तो म्हणाला. "पंचांना नाही. अम्मांना."

"विचार."

त्याने सगळ्यांना तीट समजावून सांगितली. रंगण्णांचा नियम, एक घर मोडायचं, ठिकाण दोघांनाच ठाऊक. बावीस वर्षांत हे कुणापुढे बोलला नव्हता. बोलताना त्याला लाजल्यासारखं होत होतं, घरातलं बाहेर सांगतोय म्हणून. "मी आजारी पडलो तेव्हा किनार पुरी होती, पण तीट नव्हती. परत आल्यावर मी लावली. या साडीत तीट नसेल, तर ती मी दवाखान्यात असताना गेली. तीट असेल, तर मी आल्यावर गेली, आणि मग ती माझीच चोरी. मी कबूल करतो, वाद घालणार नाही."

"मग बघ की," एक पंच म्हणाला. "साडी ही पडलीये."

"मी हात लावणार नाही. मी नाही म्हटलं तर म्हणाल, स्वतःपुरतं बोलतोय. रात्रभर साडी अम्मांकडे होती. त्यांच्या बोटांना डोळे आहेत, हे तुम्ही सगळे म्हणता. त्यांनीच सांगावं." तो तिच्याकडे वळला. "अम्मा, तीट होती का?"

लोकेश दाराजवळच्या बाकावर बसला होता. चौडम्माने त्याच्याकडे बघितलं नाही. तिला दिसत होती ती दुकानावरची पाटी, रंगण्णाच्या नावाची. शिडीवर चढून ती उतरवणारं कुणीतरी. आणि मंगळवारसाठी रूपाने काढून ठेवलेल्या हिरव्या बांगड्या. आणि समोर मुनी उभा होता. वीस वर्षांचा असताना दुकानात आलेला, पहिल्या दिवशी तिच्या हातचं जेवलेला. त्याच्या डोळ्यांत भीती नव्हती. मोकळं झाल्यासारखं वाटत होतं त्याला. उत्तर त्याला माहीत होतं. तिलाही माहीत होतं, हेही त्याला माहीत होतं.

"होती," चौडम्मा म्हणाली.

मुनिराजूने साडीकडे बघितलं. हात पुढे केला असता तर सातवं पान दीड हातावर होतं. त्याने केला नाही.

"अम्मा म्हणतात तर असेल," तो म्हणाला.

सगळ्यांना नमस्कार केला, वाकून, नेहमीसारखा. तिलाही केला. चपला घालताना त्याचा एक पाय दोनदा चुकला, आणि मग तो उन्हात निघून गेला. शेट्टीने साडी घडी करून पिशवीत घातली. पंचांनी वहीत नाव लिहिलं. कुणीतरी चौडम्माला म्हणालं, पोटच्या पोरासारखा वाढवला आणि बघा. ती म्हणाली, "घरी चला, तुमची म्हैस मोकळी सुटली असेल." लोक हसले. जीभ आपली आपली चालत होती.

मुनिराजू गाव सोडून येलहंकेला गेला. फ्लेक्सचे फलक छापायच्या दुकानात लागला, असं कळलं. पुढाऱ्यांचे वाढदिवस, मेलेल्यांची श्रद्धांजली. तिथं तीट लावायचं काम नसावं.

डोहाळजेवण झालं. मुलगी झाली. नक्षी काढायला लोकेश बेंगळुरातून एक शिकलेली पोर घेऊन आला. काम स्वच्छ होतं तिचं, एक घर चुकायचं नाही. पहिल्या नक्षीला चौडम्मा म्हणाली, "एक घर मोड." ती म्हणाली, "का, आंटी? एरर येईल." चौडम्माने पुन्हा सांगितलं नाही. आता पुठ्ठ्यांवरून बोट फिरवताना ते कुठंच अडत नाही. सगळं गुळगुळीत लागतं, आणि त्या गुळगुळीतपणाची तिला शिसारी येते.

पुढल्या आयुधपूजेच्या आधी तिने विल्सनला बोलावलं आणि ती फाइल परत बसवून घेतली.

"कशाला, अम्मा? जागा खाते," लोकेश म्हणाला.

"खाऊ दे. तू खातोस ती चालते, मग तिने काय पाप केलंय?"

आणि तिने नवा नियम घातला. रोज सकाळी दुकान उघडलं, उदबत्ती लावली, की लोकेशने खुर्चीत बसायचं आणि फाइलने आदल्या दिवशी काय लिहिलं ते मोठ्याने वाचून दाखवायचं. एकही ओळ गाळायची नाही. ती स्टूल घेऊन बाजूला बसते, पुठ्ठ्यांना भोकं पाडता पाडता ऐकते. नऊ वाजून बारा मिनिटांनी मशीन चालू. नऊ सव्वीसला मोराची नक्षी उघडली. नऊ चाळीसला प्रिंटर अडला. लोकेशचा आवाज शाळेत पाठ म्हणणाऱ्या पोरासारखा येतो. नव्या पोरीला वाटतं, म्हातारीला कॉम्प्युटरचं वेड लागलंय.

शेवटच्या ओळीला आला की तो थांबतो, आणि उठायला बघतो.

"त्याच्या आधीचं वाच," चौडम्मा म्हणते.

"त्याच्या आधीचं काल वाचलं."

"विल्सनने बसवली त्याच्याही आधीचं."

"त्याच्या आधीचं नाही, अम्मा. तुला माहीत आहे."

ती मान हलवते आणि पुढचा पुठ्ठा यंत्राखाली सरकवते. तो उठत नाही. तिने ऊठ म्हटल्याशिवाय उठायचं नाही, हेही त्या नियमात आहे. आणि कधी कधी ती तासभर म्हणत नाही.